काळाला चकवताना पहाऱ्यावर कोण?

फँटसी कादंबऱ्यांमध्ये काळाशी खेळणाऱ्या जादूगारांचा एखादा गुप्त पंथ हमखास असतो. डोंगरातला मठ, तोंडाला कुलूप, गुरूच्या कानातून शिष्याच्या कानात जाणारी विद्या. बहुतेक लेखक एक नियमही पाळतात: वेळ फुकट मिळत नाही. तासभर मागे गेलात तर आयुष्याचं वर्ष कापलं जातं, असा काहीतरी हिशेब असतो. कॉलेजात असताना मला हा नियम म्हणजे लेखकाची सोय वाटायची. नायक प्रत्येक चूक पुसत बसला तर गोष्ट पुढे कशी सरकणार? आता तो प्रश्न नीतीचा वाटतो. कुणाची वेळ वाढली असेल, तर ती भरली कोणी?

असा पंथ शोधायला आम्हा नाशिककरांना लांब जावं लागत नाही. तीसेक किलोमीटरवर त्र्यंबकेश्वर, मागे ब्रह्मगिरी. वाघाच्या भीतीने आईवडिलांपासून चुकलेला निवृत्ती याच डोंगरातल्या गुहेत गहिनीनाथांसमोर जाऊन उभा राहिला आणि त्याला नाथपंथाची दीक्षा मिळाली, असं परंपरा सांगते. आदिनाथ, मत्स्येंद्र, गोरक्ष, गहिनी अशी ती साखळी. हठयोगाच्या पोथ्यांत एक शब्द येतो: काळवंचना. मृत्यूची घटका आली की प्राण ब्रह्मरंध्रात चढवून बसायचं, घटका टळली की खाली उतरायचं. वंचना म्हणजे फसवणूक, आणि हा शब्द योग्यांनी स्वतःच वापरलेला आहे.

चांगदेव या विद्येतले उस्ताद. दर शंभर वर्षांनी काळाला असा चकवा देत ते चौदाशे वर्षं जगले, अशी कथा. (आमच्या धंद्यात सेशन संपायच्या आत टोकन रिफ्रेश करतात, तसंच हे.) ज्ञानेश्वरांची कीर्ती ऐकून त्यांनी पत्र लिहायला घेतलं आणि मायन्यापाशीच अडले. वयाने लहान म्हणून ‘चिरंजीव’ लिहावं, तर ज्ञानाने मोठे. ‘तीर्थस्वरूप’ लिहावं, तर समोर पोरगा. शेवटी कोराच कागद पाठवला. त्यावर मुक्ताबाई म्हणाली, चौदाशे वर्षं जगून हा कोराच राहिला. मग निवृत्तीनाथांच्या सांगण्यावरून ज्ञानेश्वरांनी पासष्ट ओव्यांचं उत्तर धाडलं, तीच ‘चांगदेव पासष्टी’.

कीर्तनात या प्रसंगावर हशा पिकतो. मला तो हशा थोडा स्वस्त वाटतो. नुसतं लांब जगण्यात काय अर्थ, किती जगलात यापेक्षा कसं जगलात ते पाहा, हे ज्यांना लांब जगायला मिळण्याची शक्यताच नव्हती त्यांनी एकमेकांना दिलेलं सांत्वनही असू शकतं. ज्ञानेश्वरांनी शके १२१८ मध्ये, म्हणजे १२९६ साली, एकविसाव्या वर्षी समाधी घेतली. आपण त्याचा उत्सव करतो. पण एकवीस हे वय आहे, आणि घरातला एकवीस वर्षांचा मुलगा गेला तर आपण असं बोलत नाही. आणखी दहा वर्षं मिळावीत असं वाटण्यात काही हीन नाही. माझ्या आजीला शेवटच्या आजारात कुणी शंभर वर्षं देऊ केली असती, तर मी अर्ज भरायला रांगेत पहिला उभा राहिलो असतो.

तेव्हा चांगदेवांचं लांब जगणं मला खटकत नाही. मला खटकते ती एक साधी व्यावहारिक गोष्ट. प्राण वर चढलेला असताना खाली ते शरीर पडून असणार. त्याला मुंग्यांपासून, उन्हापासून, कोल्ह्याकुत्र्यांपासून जपणारं कोणीतरी हवंच. त्या पहारेकऱ्यांची वर्षं मात्र नेहमीसारखी सरत होती. त्यांना विद्या दिली होती का?

इथे मला अरुणा शानबाग आठवतात. मुंबईच्या केईएम रुग्णालयातल्या या परिचारिकेवर नोव्हेंबर १९७३ मध्ये तिथल्याच एका कर्मचाऱ्याने अत्याचार केला, आणि त्यानंतर १८ मे २०१५ पर्यंत, जवळजवळ ४२ वर्षं, त्या त्याच रुग्णालयात अंथरुणाला खिळून होत्या. त्यांचा थांबलेला काळ केईएमच्या परिचारिकांनी पिढ्यान् पिढ्या वाहिला: भरवणं, पुसणं, कूस बदलणं. पिंकी विराणी यांनी त्यांच्या मरणाच्या हक्कासाठी याचिका केली तेव्हा याच परिचारिकांनी विरोध केला. २०११ साली सर्वोच्च न्यायालयाने ती मागणी नाकारली, मात्र काही अटींवर जीवनरक्षक उपचार थांबवायची वाट त्याच निकालाने मोकळी केली. ती ४२ वर्षं अरुणाताईंच्या भल्याची होती का, यावर मी आजही दोन्ही बाजूंनी भांडू शकतो. पण तिथे वेळ कोण देतंय हे उघड होतं. देणाऱ्यांना ते ठाऊक होतं आणि न्यायालयात त्यांचं म्हणणं ऐकलं गेलं. चांगदेवांच्या पहारेकऱ्यांना कथेत नावसुद्धा नाही.

आमच्याकडेही नसतं. मी रात्री अमेरिकेतल्या क्लायंटच्या घड्याळावर काम करतो आणि सकाळी नऊपर्यंत झोपतो. स्वयंपाकाच्या मावशी त्याआधी तीन घरं उरकून येतात. माझे वाचलेले दोन तास मी ‘प्रॉडक्टिव्हिटी’ या नावाने मोजतो. त्यांची झोप त्या हिशेबात कुठेच नसते.

ज्ञानेश्वरांनी या पंथाशी जे केलं ते म्हणूनच मला विलक्षण वाटतं. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायात ते गीतेच्या श्लोकांपलीकडे जाऊन कुंडलिनी, प्राण यांचा ‘पंथराज’ सविस्तर उघड करून सांगतात, तोही मराठीत, ओवीत. ओवी ही मुळात जात्यावरची. दळणाऱ्या बायकांना वेगळा वेळ काढता येत नाही, म्हणून दळता दळताच गायची. वारकऱ्यांचं नामस्मरणही तसंच, हात कामात असतानाचं. ज्याच्याकडे घटकाभर मोकळी नाही त्यालाही ते जमतं, आणि त्यासाठी दुसऱ्या कोणाला पहाऱ्यावर बसवावं लागत नाही. यामुळे दळणाऱ्या बाईचं दळण एक पायलीही कमी झालं नाही, हेही खरं आहे, आणि भक्तीच्या इतिहासावर बोलताना आपण ते फार भरभर ओलांडतो.

पुढे चांगदेवांनी किशोरवयीन मुक्ताबाईला गुरू केलं. पुणतांब्याला गोदावरीच्या काठी त्यांची समाधी आहे. नाशिकचं पाणी खाली तिकडेच जातं. चकवायची विद्या हाताशी असलेला माणूस एके दिवशी ती वापरायची नाही असं ठरवतो, तेव्हा त्याच्या शिष्यांना काय वाटलं असेल? दुःख झालंच असेल. पण त्यांच्यातला एखादा त्या रात्री, कितीतरी वर्षांनी, पहाऱ्याशिवाय झोपलाही असेल.