थांबण्याचा अधिकार

एखाद्या कलावंताने ऐन बहरात वाद्य खाली ठेवले, तर तो कुणाचा अपराधी ठरतो? आर्टी शॉ या अमेरिकन बँडप्रमुखाची कारकीर्द न्याहाळताना हा प्रश्न आम्हांला छळतो.

१९१० साली न्यूयॉर्क येथे एका स्थलांतरित ज्यू कुटुंबात तो जन्मला. मोठ्या वाद्यवृंदांच्या ठेक्यावर तरुण अमेरिका नाचत होती, त्या स्विंगच्या काळात क्लॅरिनेटवर बेनी गुडमनच्या तोडीचा मानला गेला तो शॉच. १९३८ च्या जुलैत त्याने कोल पोर्टरचे ‘बिगिन द बिगीन’ ध्वनिमुद्रित केले. कंपनीची भिस्त तबकडीच्या दुसऱ्या बाजूवर होती. गाजली मात्र हीच धून. त्याच वर्षी त्याने बिली हॉलिडे या कृष्णवर्णीय गायिकेला आपल्या गोऱ्या वाद्यवृंदात घेतले आणि काळ्यागोऱ्यांना वेगळे ठेवणे हाच जेथे कायदा होता, त्या दक्षिणेतील राज्यांत तिच्यासह दौरा केला. एवढे धैर्य त्या काळी थोड्यांनीच दाखविले.

पण यशच त्याला काचू लागले. श्रोत्यांना रात्रीमागून रात्र तीच धून हवी, तीही तबकडीवर आहे अगदी तशीच. १९३९ च्या नोव्हेंबरात न्यूयॉर्कच्या एका हॉटेलातील व्यासपीठावरून तो उतरला आणि बँड सोडून थेट मेक्सिकोला निघून गेला.

येथे आमचे मन दुभंगते. श्रोत्यांनी पैसे मोजले होते ते एका संध्याकाळचे; त्याच्या साऱ्या आयुष्यावर त्यांचा हक्क कसा पोचेल? परंतु मागे राहिलेल्या वादकांचे काय? त्यांच्या चुली त्याच्या नावावर पेटत होत्या. जॉर्जी ऑल्ड या सॅक्सोफोनवादकाने काही काळ त्यांना एकत्र ठेवले. थोड्याच महिन्यांत तो बँड मोडला. श्रोत्यांशी नव्हे, सोबत्यांशी शॉ चुकला, असेच आम्हांला वाटते.

तो परतला. नवे बँड उभारले, मोडले. महायुद्धात नौदलाचा बँड घेऊन पॅसिफिकमध्ये सैनिकांसमोर वाजविले. १९५४ साली मात्र त्याने क्लॅरिनेट कायमचे सोडले. त्या सुमाराची, छोट्या संचातील त्याची ध्वनिमुद्रणे अनेक जाणकार सर्वोत्तम मानतात. उणे काही हातून वाजू नये, या हट्टापायी तो गप्प झाला. हा कलेचा आदर की अहंकार? आमच्या मते दोन्ही. (आठ लग्ने मोडलेल्या माणसाला सोडून जाण्याची सवयच होती, असे कुणी म्हणेल, तेही अगदीच खोटे नाही.)

१९८३ साली त्याच्या नावाने पुन्हा वाद्यवृंद निघाला. त्याने तालमी घेतल्या, कधी संचालनही केले. क्लॅरिनेट मात्र डिक जॉन्सन वाजवीत असे. २००४ साली, वयाच्या ९४ व्या वर्षी, शॉ वारला. तोवर लोकांसमोर ते त्याने पुन्हा ओठांना लावले नाही.