निकालानंतरचा विलंब

न्यायास विलंब कोण लावितो, असे विचारिले असता आपण न्यायाधीशाकडे बोट दाखवितो. सर्वोच्च न्यायालयाने ६ मार्च २०२५ रोजी आज्ञा केली की, दिवाणी हुकूमनाम्यांच्या दरखास्ती सहा महिन्यांत निकालात काढाव्या. पुढे ऑक्टोबरात पाहता देशात ८.८२ लाख दरखास्ती पडून होत्या, त्यांपैकी ३.४१ लाख मुंबई उच्च न्यायालयाच्या हद्दीतल्या!

समजा, साजगावी भातखाचराचा वाद आहे. जिंकलेला खालापूरच्या न्यायालयी खेटे घालितो. हरलेला तारखेमागून तारीख मागतो, आणि तोवर त्याच खाचरात लावणी करून पीक घरी नेतो. कित्येक यास चातुर्य म्हणतात. आम्ही चोरी म्हणतो. तारीख न्यायालयाने दिली खरी, पण भात दिले काय? त्यातील एक पायली तरी त्याने शेजाऱ्याच्या दारी नेऊन टाकिली काय?