न रडलेल्या माणसाचा खटला

आईच्या अंत्यसंस्काराला जो रडला नाही, त्याला आईबद्दल काहीच वाटत नव्हते असे मानायचे का? आल्बेर काम्यूच्या ‘द आउटसायडर’ (१९४२) या कादंबरीतले न्यायालय तसे मानून मोकळे होते. कादंबरीचा नायक मेर्सोने मारेंगोच्या वृद्धाश्रमात आईचा चेहरा शेवटचा पाहिला नाही. शवाजवळ जागताना त्याने दुधाची कॉफी घेतली, सिगरेट ओढली. अंत्यविधीच्या दुसऱ्याच दिवशी तो मारीबरोबर समुद्रात पोहला आणि विनोदी चित्रपट पाहून आला. त्याच्यावरचा खटला खुनाचा, पण सरकारी वकिलाचा सारा भर न ढाळलेल्या अश्रूंवर.

तरीही मेर्सो कोरडा नाही. मारी निघून गेल्यावर तो उशीत तिच्या केसांचा खारा वास शोधतो. ऊन, पाणी, संध्याकाळी रस्त्यावरून येणारे आवाज हे सगळे त्याच्या अंगाला भिडते. आयुष्याच्या अखेरीला आईने वृद्धाश्रमातल्या एका म्हाताऱ्याची सोबत का धरली, हे त्याला मृत्युदंडाच्या सावलीत उमगते. माया असल्याखेरीज इतके समजत नाही. मनात नसलेली भावना चारचौघांत मिरवायला मात्र तो तयार होत नाही.

आपल्याकडे भालचंद्र नेमाड्यांच्या ‘कोसला’तला (१९६३) पांडुरंग सांगवीकर असाच तुटलेला. घर, कॉलेज, थोरामोठ्यांचे शहाणपण, सगळ्याची तो टर उडवतो. पण धाकटी बहीण मनी गेल्यावर ती टवाळी त्याला सावरू शकत नाही. त्याच्या अलिप्तपणाला दुसऱ्याच्या मरणाने भगदाड पडते.

मेर्सोच्या बाबतीत नेमके हेच घडत नाही. त्याने किनाऱ्यावर गोळ्या घालून मारलेल्या अरब माणसाला कादंबरीभर नाव नाही. पहिली गोळी रणरणत्या उन्हाने झाडली असे क्षणभर मानू. निपचित देहावर झाडलेल्या पुढच्या चार गोळ्यांचे काय? अल्जीरियन लेखक कामेल दाऊद यांनी २०१३ साली आपल्या कादंबरीत त्या मृताला मुसा हे नाव दिले आणि त्याच्या भावाला बोलते केले, तेव्हा कुठे ही पोकळी उघडी पडली.

स्वतःच्या दुःखाचे प्रदर्शन नाकारणारी अलिप्तता मला आदरणीय वाटते. पण तीच अलिप्तता दुसऱ्याच्या जिवापर्यंत पोचली की तिचे समर्थन करता येत नाही. मेर्सोवर आरोप ठेवणारे आणि त्याची बाजू घेणारे, दोघेही त्याच्या आसवांवरच वाद घालत राहतात. त्याला खरा जाब विचारायला हवा तो मुसाच्या मृत्यूचा.