ढोलाला लागणारे बिट

"मामा, तो अल्बम तुम्ही अजून ऐकलेलाच नाही," भाचा पुण्याहून फोनवर म्हणाला आणि माझ्या डोक्यात तिडीकच गेली. क्वीन बँडचा 'अ नाइट अ‍ॅट दि ऑपेरा', १९७५ सालचा. म्हसवडात बसून मी त्याची कॅसेट झिजवली आहे. शिवाय त्यांचा गायक फ्रेडी मर्क्युरी पाचगणीच्या सेंट पीटर्समध्ये शिकलेला, म्हणजे आमच्याच जिल्ह्यातला. (त्यांच्याकडे धो धो पाऊस, आमच्याकडे टँकर, जिल्हा तेवढा एक.)

भाच्याचा सगळा जोर आकड्यांवर. सीडी १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ, त्यानं पाठवलेली फाइल २४ बिट, ९६. पण सीडीतही २२ किलोहर्ट्झपर्यंतचा आवाज मावतो. तरुण कान फार तर वीसपर्यंत पोचतो, माझा तर बराच अलीकडे थांबतो. वरचं काय वटवाघळांसाठी?

फाइल ऐकली मात्र. फरक होता, नाही कसं म्हणू? 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी'तल्या ऑपेराच्या भागात एकेक आवाज सुटा ऐकू येत होता. पण गंमत बघा. तिथं मर्क्युरी, मे आणि टेलर या तिघांनीच गाऊन थरावर थर चढवलेत, एका टेपवरून दुसरीवर उतरवत. दर उतरवणीला खरखर वाढते. टेप इतकी झिजली की आरपार दिसायला लागली, असं ब्रायन मे सांगत आलाय. त्या टेपची खरखर सोळा बिटांतही आरामात मावते. वरच्या आठांना तिथं कामच नाही. मला जाणवलेला फरक नव्यानं मास्टरिंग करणाऱ्याच्या कानाचा. भाच्याला हे पटत नाही. त्याच्या मते माझे हेडफोन स्वस्तातले आहेत. आहेतच.

माझं म्हणणं एवढंच, की आवाज धरून ठेवणं वेगळं आणि ऐकणं वेगळं. आता आमच्याकडच्या गजी नाचाच्या रेकॉर्डिंगचं घ्या. ढोलाचा फटका अचानक पडतो. लेव्हल चढी ठेवली तर तो फाटतो; उतरवली तर नाचणाऱ्यांच्या पायांचा, धापांचा आवाज खरखरीत बुडतो. इथं चोवीस बिट उपयोगी पडतात: लेव्हल बरीच खाली ठेवली तरी बारीक आवाज शाबूत राहतो. पुढं आमच्या माणदेशी तरंग वाहिनीवर ते वाजलं, तर एफएमवरून पंधरा किलोहर्ट्झच्या वर काही जाणार नाही. न जाऊ दे. मूळ नोंद तर नीट राहील.

म्हणजे ज्या आकड्यांना मी हसत होतो, तेच आता मला हवे आहेत. फक्त वाजवताना नाही, धरताना. भाच्याला कळवलंय, नव्या हेडफोनचे पैसे रेकॉर्डरमध्ये घाल, आमच्या सिद्धनाथाच्या रथयात्रेला ये, आणि येताना प्लास्टिकची पिशवी आण. गुलाल कुठंही शिरतो.