आपलं रक्त, परकं रक्त

आमच्या बुलढाणा जिल्ह्यात निकाहाची बोलणी निघाली की बुजुर्ग म्हणतात, "खून अपनाच होना." म्हणून चुलत-मावस-मामे भावंडांत लग्ने ठरतात. (शेजारच्या मराठी घरांतही मामेबहीण हक्काचीच!) उर्दू शाळेत विज्ञान शिकवता शिकवता या वाक्याची आम्हाला धास्ती वाटू लागली.

1952 मध्ये मुंबईत डॉ. वाय. एम. भेंडे व सहकाऱ्यांनी एक नवा रक्तगट नोंदवला. त्याला 'बॉम्बे' म्हणतात. आईबाप दोघांकडून एच जनुकाची बिघडलेली प्रत आली की तांबड्या पेशींवर एच हा पदार्थच तयार होत नाही. मग शरीराची प्रतिकारशक्ती त्यालाच परका मानते, त्याच्याविरुद्ध प्रतिपिंडे बाळगते. साध्या तपासणीत गट 'ओ' दिसतो. पण ओ गटाचे रक्त चढवले तर जिवावर बेतते. बहुधा जन्मदात्या आईचेही चालत नाही. सख्ख्या भावंडाचे जुळण्याची शक्यता चारांत एक.

असे लोक विरळा, हे खरे. पण नात्यातल्या लग्नात अशा दोन प्रती एकत्र येण्याचा संभव वाढतो. खून घरात राखायला जावे आणि लेकराला घरचेच रक्त परके व्हावे! त्याला लागणारी बाटली मग कुण्या अनोळखी माणसाकडूनच यायची. त्याची जात-जमात शरीर विचारत नाही.

शरीअतने अशा निकाहाची मुभा दिली आहे, सक्ती नाही. तरी बुजुर्गांपुढे आमची जीभ अडखळते. आमचा निकाह मामेबहिणीशीच झालेला. आणि आता धाकट्या बहिणीसाठी आत्येभावाचे स्थळ आले आहे.