निर्णयापूर्वीचा धर्म

सत्य काय आहे हे अद्याप कोणासच ठाऊक नसताना, जी भूमी आपलीच आहे असे मनोमन मानणाऱ्या माणसाचा नांगर राजसत्तेच्या बळावर थांबविणे न्याय्य आहे काय, हा प्रश्न वरवर पाहता दिवाणी न्यायालयाच्या आवारातला वाटला, तरी मुळात तो धर्मविचाराचा प्रश्न आहे. शेताच्या मालकीचा किंवा बांधाचा दावा दाखल झाला, की वादीची पहिली धडपड अंतिम हुकूमनाम्यासाठी नसते. ती तूर्तातूर्त मनाई हुकुमासाठी असते. महाराष्ट्रातील न्यायालयांत या अर्जावर रिवाजाने निशाणी पाच हा क्रमांक पडतो, आणि ‘निशाणी पाचचे काय झाले?’ एवढे विचारले, की तालुक्याच्या गावी दुसरे काही सांगावे लागत नाही. कित्येकांच्या लेखी दाव्याचा निकाल तेथेच लागलेला असतो.

या अर्जावर विचार करताना न्यायाधीशाने तीन गोष्टी पाहावयाच्या असतात: सकृतदर्शनी वादीच्या म्हणण्यात तथ्य आहे काय, हुकूम दिल्याने किंवा नाकारल्याने कोणाची गैरसोय अधिक होईल, आणि पुढे पैशाने भरून न येणारे नुकसान कोणाच्या वाट्याला येईल. जमीन कोणाची, हा प्रश्न या तिहींत कोठेही अखेरचा म्हणून विचारलेला नाही, हे ध्यानात घेतले पाहिजे. अर्धवट प्रकाशात उभे राहून, आपल्याला पुरते दिसत नाही हे जाणून, न्यायसंस्था तेथे फक्त एवढेच म्हणते की, आम्हांस कळेपर्यंत कोणी बांध फोडू नये, झाड तोडू नये, भिंत उभारू नये. मनाई हुकुमाला नैतिक अधिष्ठान लाभते ते या अज्ञानाच्या कबुलीमुळे. आणि ज्या क्षणी तो हुकूम हाती पडलेला पक्षकार त्याला विजयपत्र समजून गावात पेढे वाटतो, त्या क्षणी ते अधिष्ठान तो आपल्या हाताने उखडून टाकतो.

आपल्या स्मृतिकारांनी या विषयाची हेळसांड केलेली नाही. व्यवहाराच्या अठरा पदांत मनूने सीमाविवादाला स्वतंत्र स्थान दिले. हद्दीचा निर्णय ज्येष्ठात, शिवेच्या खुणा उघड्या पडलेल्या असताना करावा असे सांगितले. आणि सीमेविषयी माणसे नित्य चुकतात हे ओळखून कोळसा, खापऱ्या, भुसा, हाडे, राख अशा न कुजणाऱ्या वस्तू भूमीत गुप्तपणे पुरून ठेवावयास लावल्या. पुढे मराठी राज्यात शिवेच्या तंट्यात महाराची साक्ष मोलाची मानली जाई. ज्याला गाव वेशीबाहेर ठेवी, त्याच्याच शब्दावर गावाची वेस ठरे, ही आपल्या समाजाला खाली मान घालावयास लावणारी गोष्ट येथे नोंदवून ठेवणे मला कर्तव्य वाटते.

परंतु माझ्या प्रश्नाच्या अधिक जवळ जातो तो नारद. प्रतिवादीला निर्णयापूर्वी अडवून धरण्याच्या क्रियेला नारदस्मृतीत आसेध म्हटले असून स्थान, काळ, प्रवास आणि कर्म असे त्याचे चार प्रकार सांगितले आहेत. त्यांतला कर्मासेध आजच्या मनाई हुकुमाचा फार जवळचा आप्त आहे. मात्र आसेध सांगणारा हाच ग्रंथ लगोलग त्याला मर्यादाही घालतो. रोगाने पीडलेला, विवाहास निघालेला, गुरे चारीत असलेला गोपाळ आणि पेरणीच्या कामात गुंतलेला शेतकरी यांना अडवू नये असे तो सांगतो. इतकेच नव्हे, तर अडवू नये त्याला अडविणारा स्वतःच दंडास पात्र ठरतो. पेरणीचा उल्लेख मला विलक्षण वाटतो, कारण त्यात न्यायाचा काळ आणि भूमीचा काळ हे एकाच गतीने चालत नाहीत, याची स्पष्ट जाणीव आहे.

‘जैसे थे’ या हुकुमाची अडचण नेमकी येथे आहे. कागदावर स्थिती गोठविता येते. रानात ती गोठत नाही. मृगाचा पाऊस पडून वाफसा आला, शेजारच्या गटांत तिफणी चालू लागल्या, आणि वादातील वीस गुंठ्यांच्या पट्टीवर कोणीच पाऊल टाकावयाचे नाही असे ठरले, म्हणजे त्या पट्टीवर काहीच घडत नाही असे नव्हे: तेथे हरळी माजते, कुंदा खोल मुळे धरतो, पाण्याने बांधाला घळ पडते, आणि मोजणीदार येईतो हद्दीचा दगड कोणाच्या बाजूने कलला हेही सांगता येत नाही. अकर्मातही कर्म पाहावयास गीतेने शिकविले ते अशा ठिकाणी कसोटीला लागते. थांबविणे ही सुद्धा एक कृतीच आहे, तिलाही फळ आहे, आणि ते फळ कोणाच्या तरी घरातील कणगीवर उतरते. तेव्हा मनाई देणाऱ्याने आपण तटस्थ राहिलो असे समजणे योग्य नाही.

मग मनाई देऊच नये काय? तसे मी म्हणणार नाही. एका रात्रीत यंत्र लावून बांध सपाट करणारा दांडगा शेजारी ज्याने पाहिला आहे, त्याला या हुकुमाची गरज पटवून द्यावी लागत नाही. दुर्बळाच्या हाती त्या घटकेला दुसरे काही नसते. माझे म्हणणे इतकेच की, हुकुमाने धर्माचा भार बांधला जातो तो ज्याला थांबविले त्याच्यावर कमी आणि ज्याच्या बाजूने थांबविले त्याच्यावर अधिक. न्यायाधीशाने त्याला जे दिले ते स्वामित्व नव्हे. दुसऱ्याची असू शकेल अशी वस्तू त्याच्यापाशी ठेव म्हणून राहिली आहे. ठेवीचा अपहार करणाऱ्याला चोरासारखाच दंड करावा, असे मनूचे सांगणे आहे.

अशा माणसाने तारखा लांबविणे, मोजणीच्या दिवशी गैरहजर राहणे, वारसांची नावे दाखल करण्यात वर्षे घालविणे हा मला सरळ अधर्म वाटतो, मग त्याचा मूळ हक्क कितीही खरा असो. खऱ्या हक्काला निर्णयाची भीती कशाची? १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेनेही ही दिशा दाखवून ठेवली आहे: अपुऱ्या कारणावर मनाई मिळविणाऱ्याकडून भरपाई देवविण्याची तरतूद ९५ व्या कलमात आहे, आणि ३९ व्या आदेशाच्या दुसऱ्या नियमात मुदत, तारण व हिशेब ठेवणे अशा अटी घालूनच मनाई देण्याची मुभा न्यायालयाला आहे. यांतील हिशेबाची अट प्रतिपक्षाच्या वकिलाने मागण्याची वाट न पाहता वादीने आपण होऊन अर्जातच लिहून द्यावी. पट्टीवर पीक घेण्याची परवानगी मागावी, दर हंगामाला किती पोती निघाली, बी-खताला काय लागले, बाजारात काय भाव आला, हे लिहून कागद दाव्याच्या कामी दाखल करावा, आणि निव्वळ रक्कम न्यायालयात जमा करावी, म्हणजे निकाल कोणाच्याही बाजूने लागला तरी त्या वर्षांचे धान्य त्याच्या खऱ्या धन्याला पोहोचेल.