साक्षीदाराने काय सांभाळावे?

एखादा नेता आपल्या डोळ्यांदेखत मारला गेला तर आपण आयुष्यभर काय आठवावे? मारेकरी, रक्त, की ज्यासाठी तो तिथे आला होता ते काम?

४ एप्रिल १९६८ रोजी अमेरिकेतील मेम्फिस शहरात, लॉरेन मोटेल या लॉजच्या वरच्या मजल्यावरील सज्जात डॉ. मार्टिन ल्यूथर किंग उभे होते. वय अवघे ३९. पाद्री सॅम्युएल काइल्स त्यांना आपल्या घरी जेवायला न्यायला आले होते. सायंकाळी सहा वाजून एक मिनिटाने गोळी आली. जिवलग सहकारी राल्फ अबरनाथी खोलीतून धावत आले. लॉजच्या मालकीणबाईंना त्याच रात्री पक्षाघाताचा झटका आला, डॉ. किंग यांच्या अंत्यविधीच्या दिवशीच, ९ एप्रिलला, त्या वारल्या. गोळी एक, पण किती घरांत शिरली पहा! शंभरावर शहरांत दंगली उसळल्या, चाळीसच्या आसपास माणसे मेली.

वर्गात हे सांगितले की मुले आधी विचारतात, "गुरुजी, मारणारा सापडला का?" सापडला. जेम्स अर्ल रे याला १९६९ साली ९९ वर्षांची शिक्षा झाली. पण डॉ. किंग मेम्फिसला गेलेच कशाला, हे सहसा कोणी विचारीत नाही.

ते गेले होते कचरा उचलणाऱ्या कामगारांसाठी. १ फेब्रुवारीला पावसापासून आडोसा म्हणून दोन काळे कामगार कचऱ्याच्या गाडीत शिरले. कचरा दाबणारे यंत्र अचानक सुरू झाले आणि दोघे चिरडून मेले. मग सुमारे तेराशे कामगार संपावर गेले. त्यांच्या पाट्यांवर लिहिले होते, 'मी माणूस आहे'. ज्यांच्या आईबापांनी नगरपालिकेची झाडू-टोपली उचलून मुलांना शाळेत घातले, त्यांना या पाटीचा अर्थ वेगळा सांगायला नको.

नुसता गोळीचा क्षण जपणे म्हणजे मारेकऱ्याने निवडलेला क्षण जपणे, असे मला वाटते. शोक खोटा नव्हे. पाहिलेले पुसता येत नाही. काइल्स यांनी २०१६ साली निधन होईपर्यंत ती संध्याकाळ लोकांना सांगितली. साक्षीदार होण्यासाठीच आपण तिथे होतो, असे ते मानीत. पण साक्ष कशाची द्यायची? कोरेटा किंग यांच्याकडे पहा. पतीच्या अंत्यविधीच्या आदल्या दिवशी, ८ एप्रिलला, ही विधवा मुलांना घेऊन मेम्फिसला गेली आणि त्याच कामगारांच्या मूक मोर्च्यात हजारोंच्या पुढे चालली. १६ एप्रिलला शहराने कामगारांची युनियन मान्य केली, पगारवाढ कबूल केली आणि संप मिटला.